सुभाष गुप्ते : एका गोलंदाजाचे देशांतर

खेळाडूंची चरित्रे आपल्याकडे बहुधा आकड्यांच्या वहीसारखी लिहिली जातात. किती धावा, किती बळी, कोणत्या साली कोणता विक्रम, एवढे सांगितले म्हणजे चरित्रकाराचे काम संपले अशी समजूत आहे. परंतु तो मनुष्य पोटासाठी काय करीत होता, त्याला कोणी पोसले, कोणी टाकले, आणि ज्या गावी तो जन्मला त्या गावी अखेर तो का राहिला नाही, हे प्रश्न कोणी विचारीत नाही. आमच्या मते खेळाचा खरा इतिहास याच प्रश्नांत दडलेला असतो. मुंबईचे सुभाषचंद्र पंढरीनाथ गुप्ते हे जगातील अव्वल दर्जाच्या फिरकी गोलंदाजांपैकी एक होते, आणि त्यांच्या आयुष्याची शेवटची सुमारे चाळीस वर्षे हिंदुस्थानात नव्हे तर वेस्ट इंडीजमधील त्रिनिदाद बेटावर गेली. ही गोष्ट कशी घडली ती आम्ही येथे सांगणार आहोत. मात्र तत्पूर्वी एका अगदी वेगळ्या खेळाकडे वाचकांस थोडे वळवावे लागेल.

रग्बी हा खेळ आमच्या वाचकांपैकी थोड्यांनीच पाहिला असेल. मुंबईच्या जिमखान्याच्या पटांगणावर भर पावसाळ्यात चिखलात लोळणारे गडी पाहून ज्यांची करमणूक झाली असेल तेवढ्यांनाच त्याची ओळख. या खेळाचे इंग्लंडात १८९५ साली दोन तुकडे झाले. कारण खेळाच्या नियमांचे नव्हते, पैशाचे होते. यॉर्कशायर व लँकेशायर या उत्तरेकडील परगण्यांतले खेळाडू म्हणजे गिरणीतले, खाणीतले मजूर. शनिवारी सामना खेळावयाचा तर त्या दिवसाची मजुरी बुडे. ती बुडीत मजुरी क्लबाने भरून द्यावी, एवढीच त्यांची मागणी. खेळाची सूत्रे ज्यांच्या हाती होती त्या सुखवस्तू मंडळींना यात खेळाची विटंबना दिसली. अखेर त्या वर्षीच्या ऑगस्टच्या २९ तारखेस हडर्सफील्ड येथील जॉर्ज हॉटेलात उत्तरेकडील सुमारे वीस क्लबांच्या प्रतिनिधींनी आपली निराळी चूल मांडली. पुढे त्यांनी नियमही बदलले, पंधरांच्या जागी तेरा गडी केले, आणि एकाच झाडाच्या दोन फांद्या म्हणजे दोन स्वतंत्र खेळ होऊन बसले. जो पैसे घेऊन तिकडे गेला तो इकडे कायमचा वाळीत पडे. त्याला पुन्हा या खेळात पाऊल टाकता येत नसे. हा बहिष्कार पुरी शंभर वर्षे, १९९५ पर्यंत टिकला. जातिभेद ही केवळ आपल्याच देशाची मिरासदारी आहे असे मानणाऱ्यांनी हा इतिहास अवश्य वाचावा.

या बहिष्काराची झळ ज्यांना लागली त्यांत बिली बोस्टन याचे नाव ठळक आहे. वेल्समधील कार्डिफ बंदराच्या वस्तीत वाढलेला हा कृष्णवर्णीय मुलगा मैदानाच्या बगलेने वाऱ्यासारखा धावणारा विंगर होता. १९५३ साली लँकेशायरमधील विगन क्लबाने त्याला तीन हजार पौंड देऊन आपल्याकडे ओढले. विगनसाठी त्याने पुढे ४७८ ट्राय नोंदविले. वेल्सच्या संघातून खेळण्याची त्याची हौस मात्र त्या सहीबरोबर संपली. पोट की पागोटे, अशी ही निवड होती. आणि ज्याच्या घरात भाकरीची चिंता आहे त्याने पोट निवडले म्हणून त्याला दोष कोणी द्यावा?

त्याच लँकेशायरमध्ये क्रिकेटचीही अशीच एक वेगळी दुनिया होती. लँकेशायर लीग या नावाने चालणाऱ्या स्पर्धेत गिरण्यांच्या लहान लहान गावांचे क्लब शनिवारी दुपारी एकमेकांशी झुंजत. प्रत्येक क्लबाने एकच पगारी खेळाडू ठेवावा असा दंडक असे. बाकीचे दहा जण गावचेच विणकर, कारकून, दुकानदार. त्या एका पगारी खेळाडूवर साऱ्या गावाची भिस्त. त्याने पन्नास धावा काढल्या किंवा झपाझपा बळी घेतले की प्रेक्षकांत टोपी फिरवून वर्गणी गोळा करीत आणि ती त्याच्या हाती देत. त्रिनिदादचा लिअरी कॉन्स्टन्टाइन १९२९ पासून नेल्सन येथे नऊ हंगाम खेळला आणि त्या गावाचा जणू मानकरी झाला. त्याच्या मागोमाग नेल्सनने आपला लाला अमरनाथ याला बोलाविले. युद्धानंतर आमच्या सांगलीचे विजय हजारे आणि जामनगरचे विनू मंकड हेही त्या वाटेने गेले. राजे-महाराजांच्या आश्रयावर जगलेले आपले क्रिकेट तो आश्रय सुटताच निराधार झाले होते. कसोटी खेळणाऱ्यास मिळणाऱ्या भत्त्यात महिना निघत नसे, आणि एखादी कंपनी किंवा रेल्वे नोकरी देईल तेवढाच आधार. अशा वेळी एका हंगामाच्या करारावर इंग्लंडातले एखादे धुरकट गाव वर्षाची बेगमी करून देई.

परंतु आपल्या मंडळास ही वाट खपत नव्हती. १९५२ सालच्या इंग्लंडच्या दौऱ्यापूर्वी मंकड यांनी संघात जागेची हमी मागितली. ती मिळाली नाही, म्हणून त्यांनी हॅसलिंग्डन क्लबाशी करार केला. पुढे लीड्सच्या कसोटीत दुसऱ्या डावात एकही धाव होण्यापूर्वी चार गडी बाद झाले, तेव्हा मंडळाचे डोळे उघडले आणि क्लबाच्या विनवण्या करून मंकड यांना लॉर्ड्सच्या सामन्यापुरते सोडवून आणावे लागले. त्या सामन्यात त्यांनी ७२ व १८४ धावा केल्या आणि पहिल्या डावात पाच बळी घेतले. सामना आपण हरलो, पण लोक त्याला मंकडचा सामना म्हणून ओळखतात. वाळीत टाकलेल्या माणसाला पंगतीत मानाच्या पाटावर बसविण्याचा हा प्रकार पाहून हसावे की रडावे हे आम्हांस कळत नाही.

आता गुप्ते यांच्याकडे वळू. त्यांचा जन्म मुंबईस ११ डिसेंबर १९२९ रोजी झाला. अंगलट लहानखुरी, खांदे साधारण, पण मनगट मात्र असे की चेंडू हातातून सुटताना गुणगुणावा. लेगब्रेक हे त्यांचे मुख्य अस्त्र आणि गुगली हे गुप्त अस्त्र. तेही एक नव्हे, दोन प्रकारचे. एक गुगली फलंदाजास हातावरून ओळखता येईल अशी, दुसरी ओळखता न येणारी. पहिली ओळखून तो निर्धास्त झाला की दुसरी त्याच्या यष्ट्या घेऊन जाई. चेंडूला उंची देण्यास ते कधी भ्याले नाहीत. षटकार बसला तर पुढचा चेंडू आणखी उंच, असा त्यांचा खाक्या.

येथे आम्हांस नासिककर म्हणून एक तुलना सुचते. बापू नाडकर्णी यांचा जन्म आमच्या या गावचा, १९३३ सालचा. तेही फिरकी गोलंदाज, तेही गुप्ते यांचे समकालीन आणि सहकारी. पण स्वभावाने दोघे दोन ध्रुवांवर. नाडकर्णी म्हणजे पै-पैचा हिशेब ठेवणारा प्रपंची गृहस्थ. १९६४ च्या जानेवारीत मद्रास येथे इंग्लंडविरुद्ध त्यांनी ३२ षटके टाकली, त्यांपैकी २७ निर्धाव, आणि दिल्या अवघ्या पाच धावा. लागोपाठ एकवीस षटके निर्धाव टाकण्याचा तो विक्रम आजही लोकांच्या तोंडी आहे. गुप्ते यांच्याकडे ही काटकसर नव्हती. ते उधळपट्टी करीत आणि त्या उधळपट्टीतून बळी विकत घेत. दोन्ही वृत्ती संघास हव्यात. मात्र सामना जिंकून देण्याची शक्यता उधळ्याकडेच अधिक असते, असे आमचे गावाभिमान बाजूला ठेवून प्रामाणिक मत आहे.

गुप्ते यांनी पहिली कसोटी १९५१ च्या वर्षअखेरीस कलकत्त्यास इंग्लंडविरुद्ध खेळली. त्यांना बळी मिळाला नाही, आणि पुढल्या उन्हाळ्यात इंग्लंडला गेलेल्या संघातही त्यांचे नाव नव्हते. त्यांचे भाग्य उघडले ते १९५३ च्या आरंभी, हजारे यांच्या नेतृत्वाखाली वेस्ट इंडीजला गेलेल्या दौऱ्यात. वॉरेल, वीक्स आणि वॉलकॉट या तिघा फलंदाजांचा तो भर बहराचा काळ. पोर्ट ऑफ स्पेनच्या पहिल्याच कसोटीत वीक्सने द्विशतक ठोकले, तरी गुप्ते यांनी एका डावात सात बळी घेतले, १६२ धावांत. किंग्स्टनच्या अखेरच्या सामन्यात तिघाही 'डब्ल्यू'नी शतके केली, त्यांपैकी वॉरेलचे तर २३७. त्या डावातले दहाही बळी मंकड आणि गुप्ते यांनी पाच-पाच वाटून घेतले. मंकड यांनी ८२ षटके टाकली होती आणि गुप्ते यांनी पासष्ट. दोघा फिरकी गोलंदाजांनी मिळून उन्हात एवढे खपावे आणि दुसऱ्या कोणास एकही बळी मिळू नये, हे तेव्हाच्या आपल्या गोलंदाजीच्या दारिद्र्याचे चित्र आहे. पाच कसोटींत गुप्ते यांचे २७ बळी झाले, साऱ्या दौऱ्यात ५०. पाचांपैकी एकच सामना आपण हरलो, बाकीचे चार अनिर्णित राहिले. आपल्या संघाने परमुलखात यापूर्वी एवढी टक्कर दिली नव्हती.

त्रिनिदादच्या लोकांनी या मुंबईकर पोराला तेथेच उचलून घेतले. विल्फ्रेड फर्ग्युसन नावाचा त्यांचा स्वतःचा एक लेगब्रेक गोलंदाज होता. १९४८-४९ मध्ये तो हिंदुस्थानात येऊनही गेला होता. त्याच्यावरून गुप्ते यांना 'फर्गी' हे टोपणनाव पडले आणि ते जन्मभर टिकले. या जिव्हाळ्याला आणखी एक कारण होते. त्रिनिदादच्या लोकसंख्येचा मोठा हिस्सा हिंदी वंशाचा आहे. १८४५ च्या मे महिन्यात 'फातेल रझाक' हे गलबत कलकत्त्याहून गिरमिटिया मजुरांची पहिली खेप घेऊन तेथे लागले, आणि पुढे सत्तर-एक वर्षे उसाच्या मळ्यांवर हिंदी माणसे जातच राहिली. त्या मजुरांच्या नातवंडांना हिंदुस्थानचा संघ म्हणजे माहेरचा माणूस. याच बेटावरच्या एका मुलीशी गुप्ते यांचा त्या दौऱ्यात परिचय झाला व पुढे विवाह झाला. त्यांच्या देशांतराचे बीज येथे पडले. परंतु बीज पडले म्हणून झाड उगवतेच असे नाही. त्याला पाणी घातले ते आमच्याच लोकांनी.

यानंतरची पाच-सहा वर्षे हा त्यांच्या कर्तृत्वाचा माध्यान्ह. १९५४ च्या डिसेंबरात ब्रेबोर्न स्टेडियमवर पाकिस्तानची सेनादले व बहावलपूर यांच्या संयुक्त संघाविरुद्ध मुंबईकडून खेळताना त्यांनी एका डावातले दहाच्या दहा बळी ७८ धावांत टिपले. लगेच पाकिस्तानच्या दौऱ्यात पाच कसोटींत २१ बळी. त्यांत ढाक्क्याच्या सामन्यात अवघ्या १८ धावांत पाच. १९५५-५६ मध्ये न्यूझीलंडचा संघ आला, तेव्हा पाच कसोटींत ३४ बळी. एका मालिकेत इतके बळी आपल्याकडे तोवर एकट्या मंकड यांनाच मिळाले होते. याच काळात इंग्लंडच्या उन्हाळ्यात ते लँकेशायर लीगमधील रिश्टन क्लबाचे पगारी खेळाडू होते. विगनमध्ये बिली बोस्टन शनिवारची दुपार गाजवीत होता, आणि तेथून फार लांब नाही अशा रिश्टनमध्ये सुभाष गुप्ते उन्हाळ्याचे शनिवार. दोघेही आपापल्या मातीपासून पोटासाठी दूर गेलेले. एक भेद मात्र होता. बोस्टनला परत येण्याची बंदी होती. गुप्ते यांना ती नव्हती. निदान तोवर नव्हती.

१९५८ च्या डिसेंबरात कानपूरला वेस्ट इंडीजविरुद्ध गुप्ते यांनी जे केले ते आमच्या क्रिकेटच्या इतिहासातले एक नवल आहे. वेस्ट इंडीजचा सारा संघ २२२ धावांत बाद झाला. नऊ बळी गुप्ते यांचे, १०२ धावांत. कसोटीच्या एका डावात नऊ बळी घेणारे ते पहिले हिंदी गोलंदाज. दहावा गडी लान्स गिब्ज वसंत रांजणे यांच्या चेंडूवर त्रिफळाबाद झाला. त्याचाच एक झेल गुप्ते यांच्या गोलंदाजीवर यष्टिरक्षक नरेन ताम्हाणे यांच्या हातून निसटला होता. ताम्हाणे हे काही ढिसाळ यष्टिरक्षक नव्हेत. पण नशिबाचे फेरे असे, की पुढच्याच वर्षी त्याच मैदानावर जसू पटेल यांनी ऑस्ट्रेलियाचे नऊ बळी घेतले आणि तो सामना आपण जिंकला. गुप्ते यांच्या नऊ बळींचा सामना मात्र आपण २०३ धावांनी हरलो, कारण दुसऱ्या डावात सोबर्सने १९८ धावा ठोकल्या आणि आपल्या फलंदाजांनी शेपूट घातले. हा सोबर्स पुढे जगातला सर्वश्रेष्ठ अष्टपैलू ठरला. आपण पाहिलेल्या लेगब्रेक गोलंदाजांत गुप्ते पहिले, असे तो म्हातारपणीही, शेन वॉर्नचा डंका वाजत असताना, सांगत असे. त्याच्या साक्षीस मोल आहे. गुप्ते यांच्यासमोर तो हातात बॅट घेऊन उभा राहिला होता.

त्या मालिकेचा आणखी एक विक्रम सांगितला पाहिजे, तो मात्र मंडळाच्या नावावर. पाच कसोटींत आपण चार कर्णधार केले : उमरीगर, गुलाम अहमद, मंकड आणि अधिकारी. पाचवे, गायकवाड, इंग्लंडच्या दौऱ्यावर पाठविले. तेथे १९५९ मध्ये पाचही कसोटी आपण हरलो. ज्या घरात कारभारी महिन्या-महिन्याला बदलतो त्या घरातल्या कमावत्या माणसाचे हाल कोण पुसणार?

आता तो दुःखद प्रसंग. १९६१ च्या अखेरीस इंग्लंडचा संघ आला होता. कानपूरच्या दुसऱ्या कसोटीत गुप्ते यांनी ९० धावांत पाच बळी घेतले आणि इंग्लंडवर हिंदुस्थानाविरुद्ध प्रथमच फॉलो-ऑनची पाळी आली. त्यानंतर दिल्लीची कसोटी. खेळाडू इम्पीरियल हॉटेलात उतरले होते. गुप्ते यांच्या खोलीत त्यांचे सोबती कृपाल सिंग होते. त्यांनी हॉटेलातील स्वागतिकेस टेलिफोन करून पेयपानास येण्याची गळ घातली. तिने संघाच्या व्यवस्थापकाकडे तक्रार केली. तक्रार रास्तच होती. पण शिक्षा झाली ती दोघांना. गुप्ते यांनी पुढे सांगितलेली हकीकत अशी, की टेलिफोन त्यांनी केला नव्हता हे चौकशीत कोणी नाकारले नाही; मग आपल्या सोबत्याला तुम्ही अडविले का नाही, एवढाच सवाल त्यांना केला गेला. पंजाबी धिप्पाड गड्याला हा लहानखुरा मुंबईकर कसा अडविणार होता, याचा विचार न्यायाधीशांनी केला नाही.

दिल्लीची ती त्यांची शेवटची कसोटी ठरली. उरलेल्या दोन्ही कसोटी, कलकत्ता व मद्रास, हिंदुस्थानने जिंकल्या आणि इंग्लंडविरुद्ध पहिली मालिका पदरात पडली. त्या आनंदात गुप्ते यांचा वाटा नव्हता. लगोलग १९६२ च्या आरंभी संघ वेस्ट इंडीजला निघाला. जेथे त्यांची कीर्ती जन्मली, जेथे त्यांची सासुरवाडी, तेथे जाणाऱ्या संघात त्यांचे नाव नव्हते. त्या दौऱ्यात पाचही कसोटी आपण हरलो. बार्बाडोसला ग्रिफिथच्या चेंडूने कर्णधार कॉन्ट्रॅक्टर यांचे डोके फुटले आणि एकवीस वर्षांच्या पतौडींवर नेतृत्व येऊन पडले. एकटे गुप्ते असते तर निकाल फिरला असता असे आम्ही म्हणणार नाही. परंतु त्या खेळपट्ट्यांची माती ज्याच्या बोटांना ठाऊक होती तोच एक मनुष्य घरी बसविण्यात कोणती शिस्त साधली, हे मंडळाने कधी सांगितले नाही. आणि ज्यांनी टेलिफोन केला ते कृपाल सिंग? ते १९६४ मध्ये पुन्हा कसोटी खेळले, आणि कालांतराने निवड समितीवरही बसले.

गुप्ते तेव्हा बत्तीस वर्षांचे होते. लेगब्रेक गोलंदाज त्या वयात कोठे पिकू लागतो. छत्तीस कसोटींत १४९ बळी, सरासरी २९.५५, एवढ्यावर हिशेब थांबला. दीडशेला एक कमी. आमच्या मते हा आकडा त्यांच्या कर्तबगारीपेक्षा आपल्या कारभाराविषयी अधिक सांगतो. कोणी म्हणेल, शिस्तीपुढे गुणांची मातब्बरी ती काय? शिस्त आम्हांसही प्रिय आहे. विद्यार्थ्यांशी आयुष्यभर गाठ पडलेल्यांना ती कशी नकोशी होईल? पण वर्गात एकाने खोडी केली म्हणून बाकावरच्या शेजाऱ्याचे नाव पटावरून कायमचे काढण्यास शिस्त म्हणत नाहीत. आपल्या क्रिकेटला हा रोग नवा नव्हता. १९११ च्या इंग्लंडच्या दौऱ्यात शंभराहून अधिक बळी घेणाऱ्या पाळवणकर बाळू यांना हिंदूंच्या संघाचे कर्णधारपद जातीपायी कधी मिळाले नाही. ते मिळण्यास त्यांचे बंधू विठ्ठल यांना १९२३ साल उजाडावे लागले. कारण निराळे, खोड तीच : ज्याच्या हातून काम घ्यायचे त्याला माणूस म्हणून मोजायचे नाही.

मग गुप्ते त्रिनिदादला गेले आणि तेथेच स्थायिक झाले. हिंदुस्थानात मुंबई, बंगाल व राजस्थान यांच्याकडून खेळलेला हा गोलंदाज काही काळ त्रिनिदादच्या संघाकडूनही खेळला. प्रथम श्रेणीच्या सामन्यांतले त्यांचे एकूण बळी ५३०. इकडे त्यांचे धाकटे बंधू बाळू गुप्ते, तेही लेगब्रेक गोलंदाज, तीन कसोटी खेळले. पण थोरल्याची सर त्यांना आली नाही. चंद्रशेखर उदयास आले आणि लोकांस गुप्ते यांचा विसर पडला.

या कथेला एक चमत्कारिक जोड आहे. त्रिनिदादमधल्या गिरमिटिया मजुरांच्या वंशात जन्मलेला सनी रामाधीन हा वेस्ट इंडीजकडून कसोटी खेळलेला पहिला हिंदी वंशाचा खेळाडू. १९५० मध्ये त्याच्या फिरकीने इंग्लंडची दाणादाण उडविली. त्यालाही लँकेशायरच्या पगारी क्रिकेटने बोलाविले. तो तिकडेच रमला, तिकडेच संसार थाटला आणि २०२२ मध्ये तिकडेच वारला. म्हणजे त्रिनिदादचा हिंदी फिरकी गोलंदाज इंग्लंडात गेला आणि मुंबईचा हिंदी फिरकी गोलंदाज त्रिनिदादात. दोघांच्या वाटा त्या गिरण्यांच्या धुरकट परगण्यात एकमेकींना छेदून गेल्या.

सुभाष गुप्ते यांचे देहावसान ३१ मे २००२ रोजी पोर्ट ऑफ स्पेन येथे झाले. त्या दिवसांत हिंदुस्थानचा संघ वेस्ट इंडीजच्या दौऱ्यावरच होता, आणि जूनच्या पहिल्या तारखेस ठरलेला त्याचा सामना याच शहरात, क्वीन्स पार्कच्या मैदानावर होता. १९५३ साली गुप्ते यांनी सात बळी घेतले ते याच मैदानावर.